उसन्या भाषेतलं इंग्लंड : पटकथाकार एमरिक प्रेसबर्गर

अनुस्वार

भाषांतर हा माझा पोटापाण्याचा व्यवसाय. जर्मनमधून आणि इंग्रजीतून मराठीत आणायचं. दिशा उलटी झाली, मराठीतून जर्मनमध्ये जायचं म्हटलं, की हात आखडतो. व्याकरण बरोबर असतं, पण तिथलं माणूस असं बोलणार नाही हे माझं मलाच कळत असतं.

म्हणून या माणसाबद्दल मला फार वर्षांपासून कुतूहल आहे. वयाच्या बत्तिसाव्या वर्षी तो लंडनला उतरला तेव्हा त्याला इंग्रजी जवळजवळ येत नव्हतं. पुढच्या दहा-बारा वर्षांत त्याने इंग्लंडच्या सिनेमातल्या सगळ्यात इंग्रजी वाटणाऱ्या गोष्टी लिहिल्या. नाव एमरिक प्रेसबर्गर. दिग्दर्शक मायकल पॉवेलबरोबर जोडीने घेतलं जाणारं, आणि बहुतेक वेळा पॉवेलच्या मागे पुसट होणारं नाव.

जन्म ५ डिसेंबर १९०२, हंगेरीतल्या मिश्कोल्त्स गावी, ज्यू कुटुंबात. मूळ नाव इम्रे. वडील जमीनदारीवर कारभारी होते, त्यामुळे बदल्यांसारखी गावं बदलली. शाळा झाली सुबोतित्सा आणि तेमेश्वारला. पहिलं महायुद्ध संपलं, साम्राज्य फुटलं, आणि सुबोतित्सा युगोस्लाव्हियात गेलं, तेमेश्वार रोमानियात. मुलाने गाव सोडलं नव्हतं, गावच देशाबाहेर गेलं. पुढे प्राग आणि स्टुटगार्टला गणित आणि इंजिनिअरिंग शिकायला गेला. वडील वारले, पैसे संपले, शिक्षण अर्धवट राहिलं.

१९२६ मध्ये तो बर्लिनला आला. हलाखीचे दिवस. वर्तमानपत्रांना कथा पाठवायच्या, भाषांतरं करायची, साभार परत आलेली पाकिटं मोजायची. शेवटी उफा या जर्मनीतल्या सर्वांत मोठ्या चित्रपट कंपनीत पटकथा विभागात शिरकाव झाला. पहिला बोलपट ‘आबशीड’, १९३० चा, दिग्दर्शक रॉबर्ट सिओडमाक. एका खाणावळवजा बोर्डिंग हाउसमध्ये घडणारी गोष्ट. शेजारच्या खोल्यांतले आवाज, पातळ भिंती, न विचारता ऐकू येणारी दुसऱ्यांची भांडणं. भाड्याच्या खोलीत राहिलेल्या माणसालाच हे इतकं बारीक सुचतं असं मला वाटतं. एरिख केस्टनरच्या ‘एमिल उंड डी डिटेक्टिव्ह’ या मुलांच्या कादंबरीवरच्या पटकथेच्या सुरुवातीच्या खर्ड्यावरही त्याने काम केलं, पण पडद्यावर नाव आलं बिली वाइल्डरचं.

१९३३ ला हिटलर सत्तेवर आला आणि उफामधून ज्यू लोकांना काढायला सुरुवात झाली. प्रेसबर्गरने बर्लिन सोडलं तेव्हा घराची किल्ली दारालाच लावून ठेवली. नाझी आले तर त्यांना दार फोडावं लागू नये म्हणून. या किल्लीपाशी मी दरवेळी थांबते. घर आता आपलं नाही हे त्याने मान्य केलंय, तरी त्या दाराची काळजी सुटत नाही.

मग पॅरिस. तिथे फ्रेंचमध्ये थोडं काम. १९३५ मध्ये लंडन. ‘इम्रे’चा जर्मनीत ‘एमेरिख’ झाला होता, इंग्लंडात ‘एमरिक’ झाला. अलेक्झांडर कोर्डा हा हंगेरियन निर्माता तेव्हा डेनहॅमला मोठा स्टुडिओ चालवत होता आणि आपल्याकडच्या बऱ्याच माणसांना त्याने तिथे आसरा दिला होता. प्रेसबर्गर त्यातला एक.

पॉवेलची भेट तिथलीच, ‘द स्पाय इन ब्लॅक’च्या वेळची. चित्रपट १९३९ मध्ये आला. कोर्डाकडे एका कादंबरीवरून केलेली पटकथा होती आणि ती काही केल्या उभी राहत नव्हती. बैठकीत प्रेसबर्गरला बोलायला सांगितलं. त्याने खिशातून कागदाची बारीक गुंडाळी काढली, उलगडली आणि वाचायला लागला. पॉवेलने आत्मचरित्रात हा प्रसंग फार प्रेमाने लिहिलाय. त्या बुटक्या, शांत, जाड चष्म्याच्या माणसाने अख्खी गोष्ट मुळापासून उलटवली होती, कॉनराड वाइट आणि व्हॅलरी हॉब्सन या दोन कलाकारांच्या अंगाला बसेल अशी पात्रं उभी केली होती. आधीच्या पटकथेचा लेखक समोरच बसला होता. पॉवेलने तिथेच मनाशी ठरवलं, या माणसाला सोडायचं नाही.

यानंतर ‘फॉर्टीनाइन्थ पॅरलल’, १९४१. कॅनडाच्या हडसन उपसागरात जर्मन पाणबुडी बुडते, सहा खलाशी किनाऱ्यावर अडकतात आणि अजून तटस्थ असलेल्या अमेरिकेची हद्द गाठायला निघतात. युद्धकाळातला प्रचारपट, सरकारी माहिती खात्याने पैसे घातलेले. उद्देश अमेरिकनांचं मन वळवण्याचा. प्रचारपटात शत्रू दूरवर, धूसर असतो. इथे कॅमेरा पूर्ण वेळ शत्रूबरोबरच चालतो. त्यांच्यातला एक जण, फोगेल नावाचा, वाटेत हटराइट पंथाच्या जर्मन वस्तीत थांबतो. त्या लोकांच्या भट्टीत पाव भाजतो, मूळचा तो बेकरच. त्याला तिथेच राहावंसं वाटतं. आणि त्याचेच सोबती त्याला गोळी घालतात. नाझी वाईट आहेत हे सांगायला प्रेसबर्गरने एका नाझी खलाशालाच चांगला माणूस होऊ दिलं.

याच कथेसाठी त्याला ऑस्कर मिळालं. त्या एका वर्षात त्याची तीन नामांकनं होती, दोन याच चित्रपटासाठी आणि एक ‘वन ऑफ अवर एअरक्राफ्ट इज मिसिंग’साठी. हा दुसरा चित्रपट पहिल्याचा आरसा आहे. यात इंग्रज वैमानिक हॉलंडमध्ये अडकतात आणि डच लोक त्यांना लपवत समुद्रापर्यंत पोहोचवतात.

आता माझा खरा मुद्दा. १९४२ मध्ये दोघांनी ‘द आर्चर्स’ ही कंपनी काढली. तेव्हापासून श्रेयनामावलीत एकच ओळ : लेखन, निर्मिती आणि दिग्दर्शन मायकल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर. कोणी काय केलं याची वाटणी नाही. सेटवर दिग्दर्शन पॉवेल करायचा, मूळ कथा आणि पहिला खर्डा प्रेसबर्गरचा, संवादांवर दोघांचा हात फिरायचा, संकलनात आणि संगीतात पुन्हा प्रेसबर्गर. लहानपणी व्हायोलिन शिकलेला माणूस होता तो. तरीसुद्धा या जोडीच्या ‘द लाइफ अँड डेथ ऑफ कर्नल ब्लिंप’ला आज लोक सर्रास ‘मायकल पॉवेलचा ब्लिंप’ म्हणतात. लेखकाने एवढं स्पष्ट लिहून ठेवल्यावरही त्याचं नाव का गळतं, हे तुम्हा सगळ्यांशी बोलायचंय.

कच्चा_खर्डा

अनुस्वारताई, धागा वाचून रात्री झोप लागली नाही. मी मालिकांसाठी लिहितो. आमच्याकडे कथाविस्तार एकाचा, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. वनलाइन, म्हणजे गोष्टीचा थोडक्यात आराखडा, मंजूर झाली की सकाळी पटकथा, संध्याकाळी संवाद, दुसऱ्या दिवशी शूट. चार वर्षांपूर्वी एका मालिकेचे सव्वाशे भाग लिहिले. मधे लेखक बदलला आणि शीर्षकातून माझं नाव गेलं. माझे उरलेले भाग मात्र पुढे महिनाभर चालू होते. कुठली वाहिनी, कुठली मालिका ते सांगत नाही, त्याने काही बदलणार नाही. आई दर रात्री टीव्हीसमोर बसून नाव यायची वाट बघायची, तेवढं लक्षात राहिलंय.

म्हणून ती एका ओळीची श्रेयनामावली मला फार मोठी वाटते. ती ओळ पॉवेलने मान्य केली हेही लिहायला हवं. दिग्दर्शकाने ‘दिग्दर्शन’ हा शब्द वाटून घेणं सोपं नाही.

आणि किल्लीची गोष्ट. ती मी वहीत लिहून ठेवली. पटकथेत असा एक तपशील सापडायला आठवडा जातो.

टेकडीवरून

छान ओळख करून दिलीत. पण मी थोडा विरुद्ध बाजूने बोलतो. फिल्म सोसायटीत चाळीस वर्षं चित्रपट पाहतोय. सिनेमा ही प्रतिमेची कला आहे आणि प्रतिमा दिग्दर्शकाची असते. ‘द रेड शूज’मधलं ते पंधरा-सतरा मिनिटांचं बॅले कागदावर किती असेल? चार ओळी? बाकी सगळं पॉवेल, कॅमेरामन जॅक कार्डिफ आणि रंगभूषाकार, चित्रकार यांचं.

दुसरं असं की प्रेसबर्गरने एकट्याने एक चित्रपट दिग्दर्शित केला. १९५३ चा ‘ट्वाइस अपॉन अ टाइम’, केस्टनरच्याच जुळ्या मुलींच्या गोष्टीवर. तो कोणाच्या लक्षात राहिला? उलट पॉवेलने प्रेसबर्गरशिवाय १९६० मध्ये ‘पीपिंग टॉम’ केला, पटकथा लिओ मार्क्सची. त्यावर तेव्हा टीकेची झोड उठली, पण आज तो अभिजात मानला जातो. मग जोडीत जड पारडं कुणाचं?

तुमचा राग मी समजू शकतो. आपल्याकडेही ‘दो आँखें बारह हाथ’ म्हटलं की शांतारामबापू डोळ्यांसमोर येतात, गदिमांनी ती लिहिली हे पुष्कळांना सांगावं लागतं. तरी त्यातलं माझ्या मनात राहिलेलं दृश्य मी शांतारामबापूंचंच म्हणेन.

अनुस्वार

टेकडीवरून, ‘पीपिंग टॉम’चा मुद्दा मान्य. तो थोर चित्रपट आहे आणि त्यात प्रेसबर्गर नाही. ‘ट्वाइस अपॉन अ टाइम’ फसला हेही खरं. सेटवर माणसं हलवणं हे त्याचं काम नव्हतं.

पण ‘कर्नल ब्लिंप’मधलं द्वंद्व आठवा. १९०२ चं बर्लिन. इंग्रज अधिकारी क्लाइव्ह कँडी आणि जर्मन अधिकारी थिओ यांची तलवारबाजी ठरते. कारण क्षुल्लक. दोघे एकमेकांना ओळखतही नाहीत. मग कितीतरी वेळ आपण फक्त तयारी बघतो. नियमांचं पुस्तक वाचलं जातं, शर्टाच्या बाह्यांचं काय करायचं यावर चर्चा होते, पावलं मोजली जातात, डॉक्टर हजर. दोघे समोरासमोर येतात, तलवारी भिडतात, आणि कॅमेरा वर जातो. जिमखान्याच्या छतातून बाहेर, पडणाऱ्या बर्फात, खाली रस्त्यावर उभ्या घोडागाडीपर्यंत. गाडीत एक बाई वाट बघतेय. लढाई आपल्याला दिसतच नाही.

तुम्ही म्हणाल कॅमेरा पॉवेलचा. असेल. पण लढाई महत्त्वाची नाही, नंतर इस्पितळात दोघे शेजारी पडून दोस्त होतात ते महत्त्वाचं, हा निर्णय कॅमेऱ्याचा नाही. तो गोष्टीच्या बांधणीचा निर्णय आहे. या दोस्तीवर पुढची चाळीस वर्षं उभी आहेत, दोन महायुद्धं उभी आहेत. गोष्ट ज्या साली सुरू होते तेच प्रेसबर्गरचं जन्मसाल, याकडे मी दुसऱ्यांदा बघताना लक्ष दिलं.

या चित्रपटाचं बीज कसं पडलं तेही ऐकण्यासारखं आहे. ‘वन ऑफ अवर एअरक्राफ्ट’मध्ये एक म्हातारा वैमानिक तरुणाला म्हणतो की म्हातारं होणं काय असतं ते तुला कळणार नाही. त्या चित्रपटाचा संकलक होता डेव्हिड लीन. त्याने तो तुकडा कापला आणि सांगितलं, यावर वेगळा चित्रपट होईल. प्रेसबर्गरने त्या कापलेल्या तुकड्यातून पावणेतीन तासांची गोष्ट लिहिली.

आणि आता थिओ. १९३९, लंडन. थिओ म्हातारा झालाय, निर्वासित म्हणून इंग्लंडला आलाय आणि परकीयांची नोंद करणाऱ्या अधिकाऱ्यासमोर बसलाय. इथे का आलात, एवढाच प्रश्न. तो उत्तर देत राहतो. बायको इंग्रज होती, ती गेली. मुलगे नाझी झाले. तिच्या अंत्यविधीलाही आले नाहीत. मग आपल्याला तिचा देश कसा आठवत राहिला ते सांगतो. कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून जवळपास हलत नाही. थिओ झालेला अँटन वॉलब्रुक स्वतः ऑस्ट्रियातून आलेला निर्वासित. आणि ते शब्द लिहिणारा माणूस तेव्हा इंग्लंडच्या कायद्याने ‘शत्रुराष्ट्राचा नागरिक’ होता, कारण डिसेंबर १९४१ मध्ये ब्रिटनने हंगेरीविरुद्ध युद्ध पुकारलं होतं. इंग्रज लष्कराच्या जुन्या खोडांवर इंग्रजांहून जास्त माया करणारा चित्रपट लिहिणाऱ्याला परकीयांवरची सगळी बंधनं लागू होती. चर्चिलना हा चित्रपट होऊच द्यायचा नव्हता. लष्कराची टिंगल होईल असं वाटत होतं. लॉरेन्स ऑलिव्हिएला नौदलातून सोडलं नाही म्हणून कँडीची भूमिका रॉजर लिव्हसीकडे गेली, आणि भलं झालं.

हे दृश्य मी पॉवेलचं म्हणू शकत नाही. तिथे पॉवेलने केलं ते इतकंच की तो मधे आला नाही. थोर दिग्दर्शकाला हे कळतं, आणि त्यासाठी मी त्याला मानते.

टेकडीवरून

थिओच्या दृश्याबद्दल माझी हरकत मागे घेतो. ते लिहिलेलंच आहे. ‘रेड शूज’बद्दल मात्र नाही.

कच्चा_खर्डा

‘रेड शूज’ची मूळ पटकथा प्रेसबर्गरने युद्धाआधी कोर्डासाठी लिहिली होती ना? मर्ल ओबेरॉनला डोळ्यांसमोर ठेवून. ती नाचू शकत नव्हती म्हणून नाचाला डमी वापरायचा बेत होता. ते बारगळलं. पुढे दोघांनी ती पटकथा कोर्डाकडून परत विकत घेतली आणि खरीच बॅले नर्तकी घ्यायची ठरवली, मॉइरा शिअरर. म्हणजे बॅलेच्या चार ओळी असोत नाहीतर चाळीस, नाचणारी ही नाच आणि माणूस यांत चिरडली जाते हा सांगाडा दहा वर्षं कागदावर जिवंत होता. १९४८ ला पैसे घालणाऱ्या रँक कंपनीला चित्रपट आवडला नाही, लंडनमध्ये धड प्रीमियरसुद्धा केला नाही. न्यूयॉर्कच्या एका छोट्या थिएटरात मात्र तो शंभराहून जास्त आठवडे चालला.

मर्ल ओबेरॉन आपल्या मुंबईत जन्मलेली. आयुष्यभर टास्मानियात जन्मले असं सांगत राहिली. कोर्डाच्या त्या स्टुडिओत किती जण आपलं मूळ गाव मागे टाकून आले होते, त्यातली एक तीही.

रानजाई

सगळे ‘ब्लॅक नार्सिसस’बद्दल बोलायचं टाळताय का? मी बोलते, कारण मला तो आवडतो आणि खुपतोही.

रुमर गॉडनची कादंबरी. लेखिकेचं बालपण बंगालमधल्या नारायणगंजला गेलेलं. हिमालयात एका उंच कड्यावरच्या जुन्या जनानखान्यात इंग्रज नन्स शाळा आणि दवाखाना काढायला येतात आणि एकेकीचं मन उसवत जातं. १९४७ च्या उन्हाळ्यात हा चित्रपट लंडनला लागला. शूटिंगसाठी भारतात कोणी आलं नाही. पाइनवुड स्टुडिओ, काचेवर रंगवलेले डोंगर, आणि ससेक्समधली एक बाग. कांचीची भूमिका जीन सिमन्सने चेहरा सावळा करून केली. मुख्य भारतीय चेहरा साबूचा, तो म्हैसूरचा. आपण बघताना हे दिसतं, आणि दिसल्यावर विसरता येत नाही. डोंगर आहेत, पण डोंगरातली माणसं कथेला रंग देण्यापुरती आहेत.

कोर्डाच्या ‘द ड्रम’विरुद्ध मुंबईत १९३८ मध्ये निदर्शनं झाली होती. त्याच्या लेखकांतही एक हंगेरियन होता, लायोश बिरो. त्या साम्राज्याच्या गौरवपटांच्या मानाने ‘ब्लॅक नार्सिसस’ पुष्कळ वेगळा आहे, कारण इथे इंग्रज हरून परत जातात आणि आपण इथे कशाला आलो होतो हे त्यांना सांगता येत नाही. तरी माझी तक्रार उरतेच.

आता आवडणारी बाजू. सिस्टर फिलिपाकडे भाजीचा मळा असतो. बटाटे, कांदे लावायचे असतात आणि ती फुलं लावून ठेवते. कुठलीही आरडाओरड न करता एक बाई आतून बदलल्याचं कळतं. कादंबरीतलंच आहे, पण ते ठेवायचं हे पटकथाकाराने ओळखलं. आणि शेवट. मिस्टर डीन सुरुवातीला बजावतो की पाऊस सुरू होईपर्यंत तुम्ही टिकलात तर खूप. शेवटी नन्सची रांग खाली उतरते, आणि मोठ्या पानावर पहिला थेंब पडतो. मग दुसरा. मग सर. त्यानंतर एक समजावून सांगणारा प्रसंग चित्रित केला होता, तो गाळून टाकला. पहिल्या पावसाचा थेंब पानावर कसा वाजतो हे आपल्याला सांगावं लागत नाही. मी थिएटरात बसले होते आणि माझ्या अंगावर काटा आला.

‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’मध्येही आपण आहोत. त्यातल्या स्वर्गाच्या कोर्टात इंग्रज वैमानिकाविरुद्ध ज्युरी नेमली जाते. फ्रेंच, बोअर, रशियन, चिनी, आयरिश, आणि एक पंजाबी. ब्रिटिशांनी ज्यांना ज्यांना त्रास दिला ते सगळे. १९४६ साली हे ज्या चित्रपटात होतं तो ब्रिटनचा पहिला ‘रॉयल फिल्म परफॉर्मन्स’ म्हणून राजासमोर दाखवला. वैमानिकाचा वकील हरकत घेतो आणि नवी ज्युरी मागतो, अमेरिकन नागरिकांची. तर ती सहा अमेरिकन माणसंही त्याच त्या देशांतून आलेली निघतात. हे सुचायला देशामागून देश बदललेला माणूस लागतो.

अनुस्वार

रानजाई, तुझी तक्रार रास्त आहे, ती मी पुसायला जाणार नाही. माझ्याकडून ‘ब्लॅक नार्सिसस’ सुटला कारण मला त्याच्याबद्दल नीट बोलता येत नव्हतं. तू बोललीस ते बरं झालं.

त्या काळात उलट दिशेनेही एक जण आला होता. विली हास, प्रागचा. जर्मन मूकपटांचा मोठा पटकथाकार, पाब्स्टच्या ‘डी फ्रॉइडलोस गास’ची पटकथा त्याची. तो १९३९ मध्ये मुंबईत पोहोचला आणि मोहन भवनानींच्या कंपनीसाठी चित्रपटकथा लिहू लागला. त्याच वर्तुळातला वॉल्टर कॉफमन आधीच मुंबईला येऊन आकाशवाणीत लागला होता. आकाशवाणीची सकाळची संकेतधून त्याच्याच नावावर ओळखली जाते. हास युद्धानंतर युरोपात परत गेला. प्रेसबर्गर परतला नाही. १९४६ मध्ये ब्रिटिश नागरिक झाला.

सुपारीफूल

वाचतेय. सुरुवात कुठल्या चित्रपटापासून करू? प्रचारपट नको, घाबरवणारा नको.

अनुस्वार

सुपारीफूल, ‘आय नो व्हेअर आयम गोइंग’. १९४५. प्रेसबर्गरने तो आठवड्याच्या आत लिहून काढला. एका मुलीला स्कॉटलंडच्या किनाऱ्याजवळच्या बेटावर श्रीमंत माणसाशी लग्न करायला जायचंय. वादळ उठतं, होडी सुटत नाही. ती समोरच्या किनाऱ्यावर अडकते आणि बेट डोळ्यांसमोर दिसत राहतं. बेटावर जाता येत नाही, आणि जेव्हा जाता येतं तेव्हा जायची इच्छा उरलेली नसते. बस. सगळी पटकथा या एका उलटापालटीवर उभी आहे. कच्चा_खर्डा, तुमच्या भाषेत सांगायचं तर याहून नेमकी वनलाइन मी वाचलेली नाही.

कच्चा_खर्डा

पाहिला. दोनदा. वनलाइन फळ्यावर लिहून ठेवलीय.

टेकडीवरून

शेवटच्या वर्षांबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. १९५७ नंतर दोघे वेगळे झाले, भांडण न होता. प्रेसबर्गरने कादंबऱ्या लिहिल्या. पहिली ‘किलिंग अ माउस ऑन संडे’, १९६१ ची, फ्रेड झिनेमानने तिच्यावर चित्रपट केला. दुसरी ‘द ग्लास पर्ल्स’, १९६६. लंडनमध्ये पियानो जुळवणारा एक साधा जर्मन माणूस. प्रत्यक्षात तो छळछावणीत प्रयोग करणारा नाझी डॉक्टर आहे आणि पकडलं जायच्या भीतीत जगतोय. अख्खी कादंबरी त्याच्या डोक्यातून लिहिलेली आहे. तेव्हा कोणी फारशी दखल घेतली नाही. २०२२ मध्ये ती पुन्हा छापली गेली.

मी ती गेल्या वर्षी वाचली आणि वाचून झाल्यावर कळलं की प्रेसबर्गरची आई आउशविट्झला मारली गेली. वेळेत तिला इंग्लंडला आणता आलं नव्हतं. ज्या माणसांनी आईला मारलं त्यांच्यातल्या एकाच्या भीतीत शिरून अख्खी कादंबरी लिहायची. त्या डॉक्टरला एखादी मुलगी आवडते, मैफलीला जावंसं वाटतं, हे लिहायचं. वाचताना त्याने निसटावं असं मला क्षणभर वाटलं आणि मी पुस्तक मिटून ठेवलं. त्या क्षणापासून मी ‘जड पारडं कुणाचं’ हा प्रश्न विचारणं सोडलं. अनुस्वार, तुमच्याशी वाद घालताना तो परत वर आला, एवढंच.

पुढे बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट अकादमीची फेलोशिप १९८१ मध्ये दोघांना एकत्र मिळाली. मार्टिन स्कॉर्सेसीसारख्यांनी हे चित्रपट पुन्हा उजेडात आणले. प्रेसबर्गर सफोकमधल्या आस्पल नावाच्या खेड्यात राहायला गेला होता. ५ फेब्रुवारी १९८८ ला वारला. तिथल्या चर्चच्या आवारात पुरलंय, दगडावर दाविदाचा तारा आहे. नातू केव्हिन मॅकडोनाल्ड चित्रपट दिग्दर्शक, त्याने आजोबांचं चरित्र लिहिलं. दुसरा नातू अँड्र्यू, ‘ट्रेनस्पॉटिंग’चा निर्माता.

नेकारकाठ

धागा वर काढतोय. मी स्टुटगार्टला असतो, नऊ वर्षं झाली. प्रेसबर्गर इथे इंजिनिअरिंग शिकत होता हे या धाग्यामुळे कळलं. इथे आम्ही मराठी इंजिनिअर इतके आहोत की गणपतीत हॉल कमी पडतो. ऑफिसात दिवसभर जर्मन बोलतो. मीटिंगमध्ये म्हणायचं असतं एक, आणि येणाऱ्या शब्दांत जेवढं बसेल तेवढंच म्हणतो. प्रेसबर्गरच्या पात्रांची वाक्यं इतकी मोजकी का वाटतात, याचं एक कारण मला हेच वाटतं. दुसऱ्याच्या भाषेत माणूस शब्द मोजून खर्च करतो.

सध्या आई सांगलीहून आलीय. तिला इंग्रजी येत नाही. परवा रात्री मी ‘कर्नल ब्लिंप’ लावला आणि ती शेजारी बसून मेथी निवडत होती. थिओचं ते नोंदणी कार्यालयातलं दृश्य आलं. आईचे हात थांबले. दृश्य संपेपर्यंत ती बघत राहिली. मग म्हणाली, “ह्याचं घर सुटलंय काय रे?”

मी हो म्हटलं. तिने थोडं मागे घेऊन परत लावायला सांगितलं. परत पाहिलं, एक शब्दही न बोलता.

येत्या शनिवारी बेटवाला लावणार आहे. तिला समुद्र आवडतो.